ऑफ म्हणजे निघणे

लीड्स, इंग्लंड
१२ ऑक्टोबर १९५८

तीर्थरूप नानांच्या पायांवर डोकं ठेवून तुळजाचा नमस्कार.

बोटीनं हाल केले, पण पोचले. इस्पितळ मोठं आहे. राहायला नर्सेसच्या वसतिगृहात एक खोली मिळाली आहे. तिच्या खिडकीतून समोरच्या इमारतीची वीट तेवढी दिसते. माझं नाव इथं कुणाच्या जिभेवर बसत नाही, म्हणून त्यांनी मला 'टिली' करून टाकलं आहे. दिवसभर मी टिलीला हाक मारलेली ऐकते आणि ओ द्यायला उशीर होतो.

परवा मोठी फजिती झाली. आमच्या वॉर्डाच्या सिस्टरबाई जाता जाता म्हणाल्या, "नर्स, यू आर ऑफ टुमॉरो." आपल्या शाळेत ऑफ म्हणजे 'पासून दूर' असं घोकलं होतं. मला वाटलं, झालं, आपल्याला कामावरून दूर केलं. खोलीवर येऊन ट्रंक भरली. सकाळी ट्रंकेवर बसून राहिले. तुम्हाला काय तोंड दाखवायचं, हाच घोर. शेजारच्या खोलीतली आयरिश मुलगी हसत सुटली. उद्या तुला सुट्टी, एवढाच त्याचा अर्थ होता म्हणे.

मग ट्रंक पुन्हा रिकामी केली. पण सुट्टीचं करायचं काय, ते कळेना. घरी असते तर काकीच्या माघारी तुमची भांडी घासली असती. नाना, तुम्ही तर लढाईत गोऱ्या पलटणीबरोबर राहिलात. या ऑफचा काय तो एकदा निकाल लावून द्या.

तुमची
तुळजा


मुळशी, पौडमार्गे
२ नोव्हेंबर १९५८

चिरंजीव तुळजा, हवालदार हैबतरावाचा, म्हणजे तुझ्या चुलत्याचा, नानाचा, पोटभर आशीर्वाद.

पत्र वाचून मी इतका हसलो की गोठ्यातली म्हैस उठून उभी राहिली. अगं, शाळामास्तरांना काय विचारतेस ऑफचा अर्थ? त्यांनी तो पुस्तकात पाहिला, मी इटलीत चिखलात पाहिला. आमचा गोरा सार्जंट पाठीवर पिशवी टाकायचा आणि ओरडायचा, "वुई आर ऑफ!" की आम्ही निघालो. ध्यानात ठेव, ऑफ म्हणजे निघणे. बटण निघालं, ऑफ. भिंतीचा रंग निघाला, ऑफ. बंदुकीतून गोळी निघाली, ऑफ. तू कामावरून निघालीस सुट्टीला, ऑफ. साहेबाला अख्खी मराठी एका शब्दात बसवायची खोड आहे. जिथं ऑफ येईल तिथं 'निघाला' लावून बघ, भागलंच पाहिजे.

मी धरणावरच्या साहेबी बंगल्यावर पहारा करतो तिथं विजेच्या खटक्यावरही ऑफ लिहिलंय. खटका दाबला की दिवा निघतो. कुठं जातो? मुंबईला. आपल्या धरणाचं पाणी घाटाखाली पडून जी वीज होते ती सगळी तिकडंच निघते. गावात आपण आहोत कंदिलावर. तेव्हा आपलं गाव कायमचं ऑफ.

तुझी काकी गेल्यापासून घरात बोलायला माणूस नाही, म्हणून हल्ली मी म्हशीशी इंग्रजी बोलतो. तिला कळतं असं वाटतं. गावात कुणाची तार आली की नथू टपालवाला आधी माझ्या दारात येतो. परवा लीलाबाईच्या भावाची तार मीच वाचली. लोक म्हणतात, हवालदार हाय म्हणून गाव हाय. म्हणून तू काळजी करू नकोस, अडेल तिथं विचार.

भात कापणीला आलंय. आंबेमोहोराचा वास सुटला की तुझी आठवण येते. लहानपणी खाचराच्या बांधावर बसून तू कच्च्या लोंब्या चावायचीस.

नाना


लीड्स
१८ जानेवारी १९५९

तीर्थरूप नाना, साष्टांग नमस्कार.

तुमचा नियम लावून बघते आहे. आमच्या वॉर्डात मिसेस हॉब्स नावाची म्हातारी आहे. रोज सकाळी म्हणते, "आय ॲम ब्राउन्ड ऑफ, टिली." मला वाटलं, भाजली की काय! तर म्हणे, कंटाळले, जीव विटला. पलीकडची बाई 'ऑफ हर फूड' आहे, म्हणजे तिची अन्नावरची वासना उडाली. हे तुमच्या निघण्यात बसतं.

पण एका दुपारी एक पोरगी म्हणाली, "ओल्ड हॉब्स हॅज ड्रॉप्ड ऑफ." मी हातातली बशी टाकून धावले. म्हातारी खाटेवरून पडली असंच मला वाटलं. जाऊन बघते तर म्हातारी घोरत होती. ड्रॉप्ड ऑफ म्हणजे डोळा लागला. आता ह्याला काय लावायचं? आणि 'पॉप्ड ऑफ' म्हणजे गेला, वारला. एका अक्षराच्या फरकानं इकडचा माणूस तिकडं होतो.

बर्फ पडतं, ते पहिल्या दिवशी सुंदर वाटतं. नंतर त्याचा आवाज नसतो हेच खुपतं. आपल्याकडं पाऊस निदान बोलतो तरी.

एक सांगायचं आहे. इथं कापडगिरणीचं शिक्षण घ्यायला कऱ्हाडकडचे एक जण आले आहेत, जयसिंग नाव. रविवारी चहाला भेटतात. आठवड्यात तेवढा एक तास मी मराठी बोलते. त्यांना माझं नाव नीट म्हणता येतं.

तुमची
तुळजा


मुळशी
११ फेब्रुवारी १९५९

चिरंजीव तुळजाला आशीर्वाद.

ड्रॉप्ड ऑफ म्हणजे शुद्ध निघाली, पॉप्ड ऑफ म्हणजे जीव निघाला. नियम मोडला कुठं? हवालदाराचा नियम असा तसा मोडत नसतो.

जयसिंगरावांचं वाचलं. तू एका ओळीत उरकलंस, पण मी ती ओळ चार वेळा वाचली. मुलगा शिकलेला, आपल्याच मुलखातला. मला आडवं यायचं काही कारण नाही. तुला नर्स करायला निघालो तेव्हा भावकी माझ्यावर तुटून पडली होती, "पोरीला परक्या पुरषांच्या अंगाला हात लावाय धाडतोय, हिला सून कोन करील?" आता त्यांना दाखवीन कोण करील ते. इटलीत माझ्या मांडीतली गोळी काढली तेव्हा रात्रंदिवस माझी घाण काढणारी ती सिस्टर मला देवापेक्षा मोठी वाटली होती. म्हणून तर तुला सिस्टर केली.

एवढंच विचार, त्यांच्या घरच्यांना तुझं काम माहीत आहे ना? माहीत असेल तर पुढचं सगळं सोपं.

म्हैस व्याली. रेडकू झालं. नाव ठेवायला घरात कोणी नाही, म्हणून ते बिननावाचंच आहे. तू सुचव.

नाना


लीड्स
६ सप्टेंबर १९५९

तीर्थरूप नानांना नमस्कार.

तुमची दोन पत्रं आली, उत्तराला उशीर झाला. मिसेस हॉब्स मागच्या महिन्यात गेल्या. त्यांच्या खाटेवर आता दुसरी बाई आहे. ती बोलत नाही.

आमचं ठरत आलं होतं, त्यावर जयसिंगांच्या आईचं कऱ्हाडहून मोठं पत्र आलं. त्यांनी ते मला वाचून दाखवलं.

नाना, या वेळचं आपलं ऑफ असं आहे: द वेडिंग इज ऑफ. मराठीत लिहायला हात धजत नाही. तुम्हीच समजून घ्या, आणि मला काही विचारू नका.

चैत्रापर्यंत इथला करार संपतो. घरी येईन म्हणते. मला घरी यायचं आहे.

रेडकाचं नाव टिली ठेवा.

तुळजा


मुळशी
२९ सप्टेंबर १९५९

अखंड सौभाग्यवती होणाऱ्या माझ्या तुळजाला नानाचे आशीर्वादावर आशीर्वाद!

समजलो, पोरी, समजलो. मराठीत लिहायला लाजलीस! तुझी काकीही अशीच, लग्न ठरलं तेव्हा आठ दिवस तोंडातून शब्द नाही. पण तुझा नाना काही अडाणी नाही. द वेडिंग इज ऑफ. लग्न निघालं! वाचलं आणि जाग्यावरून उठून नथूच्या खांद्यावर थाप मारली. तो म्हणाला, "काय झालं, हवालदार?" मी म्हणालो, "घरात लगीन निघालं!"

चावडीवर जाऊन सांगितलं. लीलाबाई म्हणाली, "कुनी लिवलं, पोरीनंच?" म्हणालो, "व्हय, इंग्रजीत." तर म्हणते, "मंग खरंच आसंल." घरोघर गूळ-खोबरं वाटलं. ज्या भावकीनं नावं ठेवली होती त्यांच्या दारात आधी गेलो. वाघजाईला नारळ फोडला. देवीपुढं उभा राहिलो आणि तुझ्या काकीला मोठ्यानं सांगितलं, रत्ना, पोरगी मार्गी लागली. तिथं कोणी नव्हतं, म्हणून थोडा रडलोही.

चैत्रात जोडीनं येताय, फार उत्तम. तिकडं काय सह्या करायच्या त्या करा, इथं पुन्हा अक्षता टाकू. दारापुढं मांडव घालतो. भिंतींना चुना देतोय. पौडच्या कासाराकडून हिरव्या बांगड्या घेतल्या, काकीच्या मापाच्या. तुझा हात तिच्यावरच गेलाय. आपल्या भाताच्या तुसात नीट बसवून बोटीच्या पार्सलानं धाडल्या आहेत. व्याह्यांचा पत्ता पाठव, रीतीनं पत्र घालतो.

काकी गेल्यापासून पहिल्यांदा माझं जेवण पोटभर झालं.

तुझा
नाना


लीड्स
२० डिसेंबर १९५९

तीर्थरूप नानांना नमस्कार.

तुमचं पत्र मिळालं. मी ते सुट्टीच्या दिवशी बागेतल्या बाकावर वाचलं. 

बांगड्या पोचल्या. एकही फुटली नाही. कामावर हातात काही घालू देत नाहीत, म्हणून पेटीत ठेवल्या आहेत. तूस मात्र टाकवेना. बरणीत भरून उशाशी ठेवलं आहे. झाकण उघडलं की घर समोर येतं.

कऱ्हाडला तूर्त पत्र घालू नका. त्यांच्याकडं थोडी अडचण आहे. आणि नाना, चैत्रात यायचं आता जमेल असं वाटत नाही. इथं मुदत वाढवून देत आहेत. मांडवाची घाई करू नका.

लोक विचारतील. त्यांना काहीही सांगा. तुम्ही खुशीत आहात ना, मग मला काही म्हणायचं नाही.

तुळजा


मुळशी
१४ मार्च १९६०

चिरंजीव तुळजा,

तुझं डिसेंबरातलं पत्र मला आवडलं नव्हतं. जावयाचं नाव नाही, बांगड्या पेटीत, चैत्र रद्द. मी तुझ्यावर रागावलो होतो, खोटं कशाला बोलू? वाटलं, संसार मांडला आणि पोरगी आपल्याला विसरली. लोक विचारत, "कवा येत्यात जावई?" मी म्हणायचो, साहेबी काम आहे, रजा मिळत नाही. राग आला म्हणून उत्तर लिहिलं नाही. आता काय झालं ते ऐक.

मागच्या शनिवारी बंगल्यावर टेलिफोन वाजला. मुंबईचे मोठे साहेब होते. मी आपला बाणा दाखवला, "हवालदार स्पीकिंग, सर!" तेही खुशीत येऊन इंग्रजीत बोलले, "टेल द कुक, द संडे पार्टी इज ऑफ." मी म्हणालो, "येस सर, पार्टी इज ऑफ, सर!" आणि खानसाम्याला हाळी दिली, "पाव्हनं निघालं, लाग कामाला!"

त्यानं चार कोंबड्या कापल्या. रविवारी मी पितळी बटणं घासून फाटकाशी उभा राहिलो. दुपार झाली, ऊन कललं, घाटातून एक गाडी दिसेना. खानसाम्यानं कंटाळून विचारलं, साहेबांचे नेमके शब्द काय होते? मी सांगितले. त्यानं कपाळाला हात लावला. "आवं हवालदार, पार्टी इज ऑफ म्हंजी पार्टी रद्द! बारगळली! निघाली न्हवं, मोडली!"

मी फाटकाच्या पायरीवर खाली बसलो. त्याला वाटलं, कोंबड्या वाया गेल्या म्हणून बसलो. मला तुझी ओळ दिसत होती, तुळजा.

घरी येऊन तुझं सप्टेंबरचं पत्र काढलं. तेच पत्र, पण आधी मी ते वाचलंच नव्हतं. 'मला घरी यायचं आहे' असं तू लिहिलं होतंस. आणि मी काय केलं? गूळ वाटला. हिरवा चुडा धाडला. पोर दुःखानं घराकडं धावत होती, तिच्या तोंडावर मी मांडव घालून वाट बंद केली. सहा महिने तू तो घास एकटीनं गिळलास, तो माझी खुशी मोडू नये म्हणून. पोरी, इतकी शहाणी होऊ नकोस गं. माझ्यापाशी तरी नको.

मग मी चावडीवर गेलो. सगळे होते. म्हणालो, "आईका. आमच्या तुळजाचं लगीन झाल्यालं न्हाई. तिनं खरं लिवलं हुतं, मला वाचता आलं न्हाई. मला इंग्रजी येत न्हाई. गोऱ्यांच्यात राहून चार शबूद उचलल्यालं, त्यावर मी तुमच्यात मिरवत हुतो. इथनं पुढं तारा पौडच्या मास्तराकडं न्या."

 भावकीतला एक जण हसला असेल, मी बघितलं नाही. शेवटी लीलाबाई म्हणाली, "त्ये ऱ्हाऊ द्या. पोरगी येतीया का न्हाई, त्ये सांगा." मी म्हणालो, "तिला यावं वाटलं तर येईल." तर म्हणाली, "मंग लिवा की तिला. हितं काय बसलाय?"

म्हणून लिहितोय. मांडवाचे बांबू गोठ्याच्या कुडाला लावले. चुना दिलाय तो दिलाच, घर उजळ दिसतं. गावात तुला कोण काय म्हणेल ते आधी माझ्याशी बोलेल. बांगड्यांचं काय करायचं ते तू ठरव, कासाराला काय, त्यानं विकल्या.

मी इथं एकटा आणि तू तिथं एकटी. दोघांनी एका चुलीवर जेवलं तर कुणाच्या बापाचं काय जातंय? एकटी ये, तुळजा. तू एकटीच यायला हवी आहेस मला.

नाना


लीड्स
१० एप्रिल १९६०

तीर्थरूप नानांच्या पायांवर डोकं.

लग्न मोडलं. बघा, लिहिलं मराठीत.

त्यांच्या आईनं लिहिलं होतं, परक्या पुरुषांची अंगं पुसणारी सून आमच्या उंबऱ्यात नको. जयसिंगांनी ते मला शेवटच्या ओळीपर्यंत वाचून दाखवलं, पत्राची नीट घडी केली आणि विचारलं, आणखी चहा घेणार का? आईला काय उत्तर देणार, हे मी विचारलं नाही आणि त्यांनी सांगितलं नाही. नंतरचे रविवार मी खोलीवर काढले. माणूस गेल्याचं दुःख झालंच, पण माझं नाव नीट म्हणणारं कोणी उरलं नाही, ते जास्त लागलं. तुमचं गूळ-खोबऱ्याचं पत्र आलं तेव्हा वाटलं, आता घरीही टिलीच होऊन जावं लागणार, कुणाची तरी खोटी बायको. म्हणून आले नाही.

तुम्ही चावडीवर जे बोललात ते मला नुसतं वाचतानाही सोसवलं नाही. नाना, तुम्हाला इंग्रजी येतं. मिसेस हॉब्स जे बोलायच्या ते तुमच्या नियमात बसायचं, शाळेच्या पुस्तकात नाही. एक शब्द चुकला. तो मीच आडून लिहिला होता, सरळ लिहायला हवा होता.

मुदत वाढवायच्या कागदावर मी सही केली नाही. सिस्टरबाईंनी कारण विचारलं. म्हणाले, घरी वडील आहेत. वडील म्हणजे चुलते, हे त्यांना समजावत बसले नाही. बांगड्या आयरिश मुलीला दिल्या. तिच्या हातात त्या होईनात, तरी ती त्या वाजवत बसते. तूस मात्र परत आणते आहे, आपल्याच खाचरात टाकू. रेडकू केवढं झालं? मी आल्यावर त्याचं नाव बदलू.

बोट परवा सुटते. हे पत्र विमानानं माझ्या आधी पोचेल. शेवटची ओळ इंग्रजीत लिहिते. ती मास्तरला दाखवू नका, खानसाम्याला विचारू नका. तिचा अर्थ तुम्ही लावाल तोच खरा, आणि तो चावडीवर मोठ्यानं वाचा.

नाना, आय ॲम ऑफ.

तुमची
तुळजा